विहिरीचा दावा आणि आईची उलटतपासणी

उलटतपासणी हा शब्द कुणी उच्चारला की अजूनही माझं डोकं फिरतं. माझ्या आईला साक्षीच्या पिंजऱ्यात मीच उभं केलं होतं.

वसईजवळ वटार गावात आमची केळीची आणि पानवेलीची वाडी होती, वाडीत विहीर. वडील गेले आणि वर्षाच्या आत त्यांच्या चुलत भावाने, म्हणजे आमच्या काकाने, विहिरीवर मोठा पंप बसवायला घेतला. तेव्हा विरार-नालासोपाऱ्यात इमारतींवर इमारती उठत होत्या आणि नळाला थेंब नव्हता. टँकरवाल्यांची चंगळ होती, आणि काकाला आमची विहीर टँकरला जोडायची होती. मग वाडी जगणार कशावर? आम्ही वसईच्या कोर्टात मनाईचा दावा लावला.

वाटणीपत्रात विहीर आमच्याच वाट्याला, अगदी स्पष्ट. वकिलांनी बजावलं होतं, अस्सल कागद दाव्यासोबतच दाखल करा. पण आई तो दर लक्ष्मीपूजनाला पाटावर मांडायची, त्याला हळदकुंकू वाहायची. "पूजेचा कागद कोर्टात कशाला? झेरॉक्स द्या," म्हणाली. आणि मी, मुंबईत नोकरी करणारी मोठी शहाणी, गप्प बसले. साक्षीच्या वेळी अस्सल लागलाच. मग उशीर माफ करा म्हणून अर्ज, त्यावर त्यांची हरकत, तारीख, परत तारीख. शेवटी एकदाचा कागद दाखल झाला.

काकाच्या वकिलाने तो उजेडात धरला. "बाई, सहीवर कुंकू का फासलंत? काय लपवायचं होतं?"

मेल्याच्या जिभेला काही हाड! आई मात्र डगमगली नाही. "तुमच्या घरी पूजा नाय करत?" म्हणाली. कोर्टात हशा पिकला. नोंदणीची नक्कल जुळत होती, जज्जसाहेबांनी कागद मानला. मला वाटलं, सुटलो.

मग त्या वकिलाने आवाज एकदम गोड केला.

"बाई, तुमच्या या दिरांच्या घरी पाणी कुठून यायचं हो?"

"आमच्याच विहिरीतून."

"किती वर्षं?"

"मी लग्न होऊन आले तवापासून. तीस वर्षं झाली."

"तुम्हाला विचारून न्यायचे?"

विचारलं तेवढंच बोला, असं आमच्या वकिलांनी दहादा पढवलं होतं. पण आईला तो प्रश्नच झोंबला. ताठ उभी राहिली. "विचारून? जावेने पानी विचारून न्यायचं? आमच्यात अशी रीत नाय. त्यांनी कधी विचारलं नाय, आम्ही कधी अडवलं नाय."

त्याने शब्दन् शब्द टाइप करून घेतला. आमच्या वकिलांनी मान खाली घातली. बाहेर जिन्यावर त्यांनी मला समजावलं: परवानगी घेऊन नेलं असतं तर ते तुमचे उपकार होते. इतकी वर्षं न विचारता, न अडवता नेलं, आता तो त्यांचा हक्क ठरणार.

असला कसला कायदा? आम्ही तोंडाने उपकार बोलून दाखवले नाहीत, हा आमचा गुन्हा? समोर काका पान चघळत उभा होता. जन्मभर आमचं पाणी प्यायलेला माणूस, लाज कोळून प्यायलेला! मी त्याच्या अंगावर धावून जाणार होते, आईने हात धरला.

निकाल लागला. विहीर आमची, पण पाणी काढायचा हक्क काकाचाही. किती काढायचं, ते निकालात कुठेच नव्हतं. पुढच्या उन्हाळ्यात वाडीच्या तोंडाशी टँकर लागायला लागले. आधी पानवेल गेली, मग केळी.

आईने त्याबद्दल एकदाच विचारलं. "त्या दिवशी मी काय बोलायला पायजे होतं?"

"विचारून न्यायचे, असं."

"पन ते खोटं ना."

"हो, खोटं! खोटंच बोलायचं होतं!" मी ओरडले.

"मग शपथ मला कशाला घ्यायला लावलीस?" आई म्हणाली. "तूच घ्यायचीस."