अंगात आलेला पाहुणा

नागावला आमचं होमस्टे आहे आणि गावच्या जत्रेत ढोल मी वाजवतो. मागच्या हिवाळ्यात मुंबईचा एक गिटारवाला आमच्याकडे आठवडाभर राहिला. हैतीत महिनाभर काढून तो तिकडचा वूडू नावाचा देवधर्म शिकून आला होता, म्हणजे एक ढोल आणि गळाभर माळा घेऊन आला होता. अंगणात बसून त्याने मला समजावलं, की तिकडे ढोल वाजला की देवता माणसावर घोड्यासारखी स्वार होते.

"अंगात येतं म्हण की," कोलंबी सोलता सोलता आई म्हणाली.

"नाही काकू, हे फार खोल आहे."

मग मोबाईल स्टँडवर लावून त्याने डोळे मिटले, ढोल बडवला आणि घुमायला लागला. मला हसू आवरेना. देव नाचणाऱ्याच्या अंगात येतो. वाजवणाराच घुमायला लागला तर ताल कोण धरणार? एवढं तर हैतीतल्या ढोलवाल्यांनीही सांगितलं असेल. यानेच ऐकलं नसेल.

आई मात्र रीतीला पक्की. हात धुऊन ती हळदकुंकू आणि नारळ घेऊन आली आणि हात जोडून तिने विचारलं, "कोण हायस बाबा? काय पायजे तुला?"

त्याने एक डोळा उघडला. "काकू, जरा बाजूला व्हा ना, फ्रेममध्ये येताय."

"देव न्हाय, याच्या अंगात मोबाईल आलाय," म्हणत आई नारळ परत आत घेऊन गेली. दुपारी तोच नारळ कोलंबीच्या कालवणात पडला. ते त्याने दोन्ही डोळे उघडे ठेवून ओरपलं.