कॅमेऱ्यासमोरून आईच्या फेऱ्या

अर्धांगाच्या झटक्यातून आई उठली, पण डावा पाय ओढत चालायची. डॉक्टरांनी रोज गॅलरीएवढ्या लांबीच्या वीस फेऱ्या सांगितल्या होत्या. नाहीतर पाय आखडेल म्हणाले. आमची भोईवाड्यातली खोली दहा पावलांची, त्यात कपाट. चालायचं तर चाळीच्या गॅलरीतच. आणि तिथे आई पाऊल टाकेना.

"लोकां बघतत," एवढंच म्हणायची.

बघायचेच. आमच्याकडे बघणं ही माया असते. प्रत्येक दारातून "काकी, आज बरं दिसतंय हां!" ऐकत चालायचं म्हणजे रोज सत्कार स्वीकारायचा. मला तर वर्षातून एकही सोसत नाही.

तेव्हा फिल्म शिकणारी माझी भाची तिची प्रायोगिक फिल्म करायला आली. गॅलरीच्या टोकाला ट्रायपॉडवर कॅमेरा, चार तास, एकच दृश्य. सोबत 'पाहणाऱ्याची सत्ता' असं टिपण. ते मी दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा कमी कळलं.

कॅमेरा सुरू झाला आणि चाळ सुधारली. दोरीवरचे बनियन आत गेले. शेजारचे काका इस्त्रीचा शर्ट चढवून पेपर घेऊन बसले, ते तासभर पान न उलटता. समोरच्या वहिनींनी मुलाला चक्क "बाळा" म्हटलं. मुलगा घाबरला.

आई हे उंबऱ्यातून बघत होती. मग भिंतीला धरून बाहेर आली. कोणी वळलं नाही. चांगलं दिसायच्या गडबडीत बघायला कोणाला सवड नव्हती. एक फेरी झाली. दुसरी झाली. सातव्या फेरीला तिने भिंत सोडली.

"आजी, तू फ्रेममध्ये येतेयस," भाची कुजबुजली.

"येवंदे. तो कॅमेरो काय इचारीत नाय."

बाराव्या फेरीनंतर ती स्टुलावर टेकली. तेवढ्यात भाची कॅमेरा उतरवू लागली.

"थांब गो, माझे आठ ऱ्हवले."

"बॅटरी संपली, आजी."

"बॅटरी कोण बघता? नुसतो उभो ऱ्हवांदे."

भाचीने एकदा माझ्याकडे पाहिलं. मग कॅमेरा परत नीट बसवला आणि बंद भिंगामागे डोळा लावून, अगदी गंभीर चेहऱ्याने उभी राहिली.

आई निघाली.