पंख्याच्या पात्यावरचं ‘डॉ.’

वरवट बकालच्या मारुतीच्या देवळात ऐन पौषातही पंखा गरगर फिरत होता आणि त्याखाली हरिपाठाची मंडळी घोंगड्या पांघरून बसत होती. बटणापाशी भगवानरावांची बैठक. कोणी हात पुढे केला की ते म्हणत, "राहू द्या हो, देवाले हवा लागू द्या."

थंडीत देवाला कशाची आली हवा! पण विचारायची कोणाची टाप नव्हती, कारण पंखा त्यांनीच दिलेला. तिन्ही पात्यांवर लाल अक्षरात लिहिलेलं, ‘डॉ. पुष्पांजली भगवानराव यांजकडून’. आपल्याकडे देवळात पंखा दिला की पात्यावर नाव आलंच. नाव नसेल तर दिला कोणी, हे कसं कळायचं?

त्यांची पोरगी पुष्पांजली किर्गिझस्तानातून सहा वर्षांनी डॉक्टरीची पदवी घेऊन आली, त्याच हप्त्यात त्यांनी पंखा आणला आणि गोपाल पेंटरकडून नाव लिहून घेतलं. भगवानराव भाजीची बागायत करणारा माणूस. वांगं तोडून टोपलीत पडलं की ते वांगं झालं. पदवी हातात पडली की डॉक्टर, यात समजायचं ते काय?

घोळ तिथूनच सुरू झाला. पुष्पांजली म्हणाली, "बाबा, इथं अजून एक परीक्षा द्या लागते."

"तू तं पास झाली ना?"

"तिथं झाली. इथं नाही."

पाहिजे होते तीनशेत दीडशे, पहिल्या खेपेला पडले एकशे त्रेचाळीस. दुसऱ्या खेपेला एकशे एकाहत्तर. भगवानरावांनी गावभर पेढे वाटले आणि विचारलं, "आता झाली ना?"

"आता एक साल दवाखान्यात काम करा लागते. त्याच्या आधी मेडिकल कौन्सिलची कच्ची नोंदणी. मंग पक्की."

कच्चीच होईना. कोरोनात तिचे वर्ग मोबाईलवर झाले होते. ते पुढे वर्गात बसून भरून काढले, असं तिकडच्या कॉलेजचं पत्र हवं होतं. पत्र काही येईना. भगवानरावांचं डोकं पार चक्रावलं. तिकडे डॉक्टर, इकडे नाही. पास आहे, पण कच्चीसुद्धा नाही. मग पोरगी आहे तरी कोण?

त्यात एक दिवस मेडिकलवाला जीवन सहज बोलून गेला, "नोंदणीबिगर नावाआधी डॉक्टर लावलं तं केस होते, भाऊ. मंग कागद कायमचा अडकते."

भगवानरावांच्या डोळ्यांपुढे पंखाच आला. सहा वर्षं पोरीनं परमुलखात काढली आणि बापाच्या पंख्यापायी तिची नोंदणी जायची! गोपालला ‘डॉ.’ पुसायला सांगावं तर तो विचारणार, काऊन? आणि गावभर बोभाटा करणार. तेव्हा या गृहस्थांनी काय अक्कल लढवावी? फिरत्या पंख्यावरचं नाव वाचता येत नाही, म्हणून पंखा बंदच होऊ द्यायचा नाही! लाईट गेली की ते मंडळींना शेकोटीच्या निमित्तानं बाहेर ओट्यावर नेऊन बसवत. आतून मात्र माणूस रोज धास्तावलेला असे.

महिनाभरात म्हाताऱ्या रुक्मिणीबाई खोकत खोकत पुष्पांजलीकडे आल्या. "तुह्या बापाच्या पंख्यानं माही छाती भरली. औषध दे."

"आजी, मले अजून देता येत नाही. सरकारी दवाखान्यात जा."

"मंग पंख्यावर काऊन लिवलं वं?"

पुष्पांजली तडक देवळात गेली. दुपारची वेळ, देवळात भगवानराव एकटेच. तिनं बटण बंद केलं.

"नको करू, माय," ते घाबरून म्हणाले आणि केसचं, कागदाचं, सगळं भडाभडा सांगून टाकलं. पोरगी आधी हसली. मग तिचे डोळे भरून आले. ती घरी जाऊन नेलपॉलिश पुसायची बाटली घेऊन आली आणि स्टुलावर चढली. भगवानरावांनी दोन्ही हातांनी स्टूल धरलं.

"बाबा, नुसती पुष्पांजली तुमाले पुरत नाही का?" पहिल्या पात्यावरचं ‘डॉ.’ पुसता पुसता तिनं विचारलं.

"पुरते वं," ते म्हणाले. "पण लोक इचारतात, पोरगी काय झाली. मले तं कायीच समजत नाही. काय सांगू?"

तिनं उरलेली दोन पाती पुसली. तिन्हींवर नावाआधी बोटभर जागा मोकळी राहिली.

संध्याकाळी हरिपाठाला पंखा बंद होता. सगळ्यांनी वर बघून वाचलं. रुक्मिणीबाईंनीच तोंड उघडलं, "भगवान, पोरगी डॉक्टर झाली का नाही, एकडाव सांग ना बाप्पा."

भगवानरावांनी वरच्या मोकळ्या जागेकडे पाहिलं. आज लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं.

"अजून होऊन राह्यली," ते म्हणाले, आणि टाळ हातात घेतले.