बाईंचे दोन मिलिमीटर

हे मी तुम्हा दोघांसाठी लिहिते आहे, पण त्याला निमित्त थोरल्याचं आहे. परवा व्हिडिओ कॉलवर त्याने स्वतःच्या कमाईतून घेतलेली जुनी गाडी दाखवली. शेजारी जमिनीवर चार अॅलॉय व्हील्स उभी करून ठेवली होती, कुणाकडून तरी आणलेली. "आजी, मीच मापलं," तो म्हणाला, "घरातल्या पट्टीने. एकशेचौदाच्या जवळपास आहे. आई म्हणते, आजोबांच्या गाडीचं माप तू काढायचीस. म्हणजे हे माझ्यात तुझ्याकडूनच आलंय!"

मी विचारलं, "बसवलीस का?"

"शनिवारी बसवणार."

"बसवू नकोस."

"का गं?"

"लिहून कळवते," म्हणाले आणि फोन ठेवला. त्याला वाटलं असणार, आजी म्हातारी झाली. झालेच आहे.

तुमच्या आजोबांना तुम्ही पाहिलं नाही. ते अपघातात गेले, मागून टेम्पो आला, एवढंच तुम्हाला माहीत आहे. ते खरं आहे, पण अर्धं. उरलेलं अर्धं माझ्या वहीत आहे.

मी मुलींच्या इंग्रजी शाळेत भूमिती शिकवायची. माझं शिक्षणही तसल्याच शाळेत झालं. तिथे आम्हाला एक शिस्त लावली होती: कुठलंही माप लिहिलं की ते कशाने घेतलं तेही लिहायचं. ती सवय मी घरीही सोडली नाही. माझ्या वहीत चार रकाने असत: तारीख, वस्तू, माप, साधन. पडदे, फळ्या, गॅसची नळी, सगळं त्यात. साधनाच्या रकान्यात बहुतेक एकच शब्द दिसेल, 'लाकडी'. शाळेपासूनची माझी एक लाकडी फूटपट्टी होती. फळ्यावर आपटून झिजू नये म्हणून तिच्या शून्याकडच्या टोकाला पितळी पत्रा ठोकला होता, तो शून्याच्या बाहेर आला होता, नेमका दोन मिलिमीटर. म्हणून ते टोक कडेला लावून घेतलेलं प्रत्येक माप प्रत्यक्षापेक्षा दोनाने कमी यायचं, आणि ते कसं सुधारायचं हे मला पाठ होतं. वाचायची, दोन मिळवायची, लिहायची. तुमचे आजोबा त्याला 'बाईंचे दोन' म्हणायचे. पाहुण्यांना सांगायचे, "आमच्याकडे जे काही आहे, त्यात दोन बाईंचे असतात."

एकदा हॉलचे पडदे आखूड झाले. ते सहज म्हणाले, "अगं, या वेळी बाईंचे दोन राहिले वाटतं." त्यात हसण्यासारखं होतं, पण मी हसले नाही. दोन दिवस कुणाशी बोलले नाही, घरातल्या सगळ्या खिडक्या पुन्हा मोजल्या आणि शिंप्याची चूक शोधून काढली. त्यानंतर त्यांनी माझ्या मापाबद्दल कधी थट्टा केली नाही. मला वाटलं, पटलं त्यांना.

ते दिवस कसे होते तुम्हाला कळायचं नाही. स्कूटरसाठी नंबर लावून वर्षं काढणारी माणसं आम्ही. आणि डोळ्यांदेखत सोसायटीत दर घराखाली गाडी आली. तुमच्या आईला हिंजवडीत नोकरी लागली, पहाटे कंपनीची बस न्यायला यायची. आजोबांनी निवृत्त झाल्यावर एक लहानशी सेकंडहँड गाडी घेतली. दर रविवारी बादली घेऊन खाली जायचे आणि ती पुसत बसायचे. चाकं मात्र त्यांना आवडायची नाहीत. लोखंडी, काळी, वर प्लॅस्टिकची टोपी, त्यातली एक कात्रजला कुठेतरी पडलेली.

आमच्या वरच्या मजल्यावरचं जोडपं तेव्हा अमेरिकेला निघालं होतं. दोघं आयटीत. घरातलं सगळं देऊन टाकत होते, फ्रिज, पलंग, कुंड्यासुद्धा. त्यांच्याकडे अॅलॉय व्हील्सचा न वापरलेला एक संच होता. आजोबांनी तो पाहिला आणि जिन्यातच थांबले. संसारात स्वतःसाठी त्यांनी काही मागितल्याचं मला आठवत नाही. त्या दिवशी म्हणाले, "अगं, आपल्या गाडीला बसतील का बघ ना."

चाक बसणं म्हणजे काय, ते सांगते. चाक चार बोल्टांनी गाडीला धरलेलं असतं. त्या बोल्टांची भोकं एका वर्तुळावर असतात. गाडीचं वर्तुळ आणि चाकाचं वर्तुळ एकच हवं. चाकाच्या पाठीवर त्या वर्तुळाच्या व्यासाचा आकडा कोरलेला होता, शंभर मिलिमीटर. गाडीचा आकडा तेवढा काढायचा होता.

एक चाक उतरवून आजोबांनी मला खाली बोलावलं. माप कसं घ्यायचं हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. एका भोकाच्या डाव्या कडेपासून समोरच्या भोकाच्या डाव्या कडेपर्यंत मोजलं की मध्यापासून मध्यापर्यंतचं अंतर मिळतं. पण माझी लाकडी पट्टी जाड, त्या खोलगट जागेत आडवी बसेना. आजोबांनी हत्यारांच्या पेटीतून स्टीलची पट्टी काढून दिली. नवी, टोकं कोरी. मी पोलक्याच्या बाहीने घाम पुसला, वाकले, वाचलं, वर येऊन वहीत लिहिलं.

"किती?"

"शंभर."

त्यांचा चेहरा अजून दिसतो. लहान मुलासारखा झाला होता.

वारज्याला बायपासजवळ एका टायरवाल्याकडे चाकं बसवली. मी गाडीशेजारी उभी होते. दोन बोल्ट गेले. तिसऱ्याला त्याने जोर लावला, थांबला, परत लावला.

"काका, टाईट जातंय जरा. कुठल्या गाडीचं हाय हे?"

आजोबा म्हणाले, "चाकांची पत्रिका नाही आणली हो. माप आणलंय. बाईंनी काढलंय."

"काकू, नक्की ना?"

"नक्की," मी म्हणाले.

त्याने खांदे उडवले आणि पाना फिरवला.

त्यानंतर तीन आठवड्यांनी आम्ही साताऱ्याकडे निघालो, माझ्या मावशीला भेटायला. सकाळची वेळ, ऊन कोवळं. कात्रजचा घाट संपून रस्ता मोकळा झाला, गाडीने वेग घेतला. मी थर्मासच्या झाकणात चहा ओतला, तर चहाच्या पृष्ठभागावर बारीक गोल कडी उमटायला लागली. वेग कमी झाला की थांबायची, वाढला की परत. मी त्यांना म्हटलंही, "रस्ता खराब आहे नाही?" ते म्हणाले, "हो, खराबच केलाय लोकांनी." मग डावीकडे घेऊन गाडी उभी केली. "जरा पाय मोकळे करतो. तू बस, चहा घे."

ते उतरले, डिकी उघडल्याचा आवाज आला, मग त्यांच्या बाजूच्या पुढच्या चाकाशी ते वाकलेले दिसले. पाठ दिसत होती फक्त. मी झाकणाला तोंड लावलं.

टेम्पो मी पाहिला नाही. गाडी एकदा हलली, एवढंच.

नंतर कुणीतरी दोन वस्तू माझ्या मांडीवर आणून ठेवल्या. त्यांचा चष्मा आणि एक पाना.

पोलिसांना मी सांगितलं, पाय मोकळे करायला उतरले होते. खोटं बोलले नाही, ते मला तेच म्हणाले होते. टेम्पोवाल्यावर खटला झाला. त्याचं पुढे काय झालं हे मी विचारलं नाही. लोक भेटायला यायचे, टेम्पोवाल्याला शिव्या द्यायचे, मी मान हलवायची. पण पाना टेबलावर होता. पाय मोकळे करायला पाना कशाला, हा प्रश्न माझ्याखेरीज कुणाला पडला नाही.

वर्षभराने गॅसची नळी बदलायची होती, म्हणून वही उघडली. पान उलटताना ती ओळ समोर आली. वस्तू: गाडी, चाकाची भोकं. माप: ९८ + २ = १००. साधन: स्टील.

मी ती ओळ किती वेळ वाचली ते सांगता येणार नाही. स्टीलच्या पट्टीला तो पत्रा नव्हता. तिने अठ्ठ्याण्णव दाखवले आणि ते अठ्ठ्याण्णवच होते. दोन माझे होते. हाताने सवयीने मिळवले आणि शंभर आल्यावर मला बरं वाटलं, कारण चाकावरही शंभर होतं. मुलींना मी वर्षानुवर्षं सांगत आले होते, उत्तर हवं तसं आलं की आधी शंका घ्या.

हे मी कुणाला सांगितलं नाही. तुमच्या आईला तर नाहीच. ती परदेशी गेली, तुम्ही झालात, मी येऊन तुम्हाला न्हाऊ-माखू घालून गेले, आणि हे माझ्याबरोबर विमानात बसून आलं, माझ्याबरोबर परत गेलं. घरी वॉशिंग मशीन कपडे पिळायला वेग घेतं, तेव्हा मधे एक क्षण असा येतो की ओट्यावरच्या भांड्यातलं पाणी तसंच थरथरतं, गोल कडी उमटतात. तेवढा वेळ मी हॉलमध्ये जाऊन उभी राहते. रिक्षा, बस, कुठेही पायाखाली ती थरथर आली की माझी नजर उजवीकडे जाते, कुणी वाकलंय का बघायला. आणि तसं कुणीतरी दिसतं, खरंच दिसतं. पाठ फक्त. मी कधी हाक मारत नाही.

थोरल्याचा फोन झाल्यावर मी तुमच्या आईला फोन लावला. तिला न सांगता तुम्हाला लिहिणं बरं नव्हे. वही समोर घेऊन सगळं वाचून दाखवलं, रकान्यांसकट. 

ती म्हणाली, "आई, मला माहीत होतं."

"काय माहीत होतं?"

"बाबांनी मला ऑफिसात फोन केला होता, त्याच आठवड्यात. म्हणाले, साठच्या पुढे स्टिअरिंग थरथरतं, बोल्ट सारखे ढिले होतात, मी उतरून आवळतो. साताऱ्याहून आलो की जुनी चाकं परत लावतो. म्हणाले, आईला सांगीन, मला ही आवडेनाशी झाली. माप चुकलं हे तिला कळू देऊ नकोस, लागेल तिला."

"आणि तू मला इतकी वर्षं..."

"तुला लागेल म्हणूनच."

बाळांनो, टायरवाला बोलला होता. त्याला माझ्या 'नक्की'ने गप्प केलं. पण तुमचे आजोबा बोललेच नाहीत. जी चाकं त्यांना इतकी हवी होती, ती आवडत नाहीत असं खोटं सांगायची त्यांनी तयारी केली होती. भर रस्त्यात वाकून बोल्ट आवळणं त्यांना सोपं वाटलं, आणि 'अगं, तुझं माप चुकलं' एवढं म्हणणं अवघड. इतकी वर्षं मी दोन मिलिमीटर धरून बसले होते. आता दिसतात ते पडदे, आणि ते दोन दिवस, जेव्हा मी कुणाशी बोलले नाही.

तेव्हा थोरल्या, हे कर. तुझ्या गाडीला पाच बोल्ट आहेत. पाच भोकांना समोरासमोर जोडी नसते, साध्या पट्टीने ते माप नीट निघत नाही. एकशेबारा आणि एकशेचौदा यात फरक दोनाचाच आहे, आणि दोन्ही आकड्यांची चाकं मिळतात. चाकं उलटी करून पाठीवर कोरलेला आकडा वाच. गाडीच्या पुस्तकातला आकडा वाच. दोन्ही घेऊन दुकानात जा आणि बसवणाऱ्याला बसवू दे. तो 'टाईट जातंय' म्हणाला तर तिथेच थांब. आजीकडून शिकलोय, असं त्याला सांगू नकोस.

आणि या लिहिण्यात माझं काही चुकलं असेल, तर ते आईकडे सांगू नका. मला फोन करा आणि मलाच सांगा. मी दोन दिवस गप्प बसले तरी सांगा.