हिरव्या तंतूचा मालक

कणोबांना धूळ दिसते. तशी ती तुम्हाआम्हालाही दिसते, पण टेबलावर बसल्यावर. कणोबांना ती बसायच्या विचारात असतानाच दिसते. सकाळी खिडकीतून उन्हाची तिरीप आत आली की माणसं जरा बरं वाटून आळोखेपिळोखे देतात. कणोबा उठतात आणि पडदा ओढून घेतात. त्या तिरपेत जे काय तरंगत असतं ते त्यांना बघवत नाही.

हे नाव अर्थात त्यांच्या आईवडिलांनी ठेवलेलं नाही. ते ठेवलं कारखान्यातल्या लोकांनी, आणि तेही पाठीमागे. कारखाना दुर्बिणीचा. गच्चीवर तिपाई मांडून चंद्र बघायची ती दुर्बीण नव्हे. ही रॉकेटच्या डोक्यावर बसून पृथ्वीबाहेर जाणार, तिथल्या गारठ्यात वर्षानुवर्षं फिरणार आणि फार लांबच्या ताऱ्यांची पुसटशी ऊब टिपणार. तिच्या पोटात एक कॅमेरा, प्रकाशाचे रंग वेगवेगळे करणारं एक यंत्र, आणि या दोघांच्या पुढ्यात सोन्याचा मुलामा दिलेला भला थोरला आरसा. जमिनीवर असताना आरशावर जी धूळ बसेल ती त्याच्याबरोबर वर जाणार आणि कायमची तिथेच राहणार, कारण वर फडकं घेऊन जायला कोणी नाही. अंधूक ताऱ्याचा प्रकाश त्या धुळीवर विखुरला की इकडे शास्त्रज्ञांनी कपाळाला हात लावून बसायचं. म्हणून धूळ मोजायला एक माणूस नेमलेला होता. तो माणूस म्हणजे कणोबा.

मोजायची रीत सोपी होती. आरशाशेजारी तळहाताएवढी एक काच ठेवलेली असे. आरशावर जे पडेल ते तिच्यावरही पडणार, म्हणून तिला सगळे साक्षीकाच म्हणत. दर सोमवारी ती डबीत बंद होऊन धूळखोलीत येई, कणोबा ती सूक्ष्मदर्शकाखाली सरकवत आणि एकेक कण मोजत. आता नुसतं मोजून थांबतील तर ते कणोबा कसले. कण कोणाचा, हेही ते शोधून काढत. त्यासाठी त्यांनी एक कपाटच उभं केलं होतं. आरशाच्या दालनात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाचा एक केस आणि अंगावरच्या कपड्यांचे दोन-चार धागे, नाव घालून पाकिटात बंद. दोनशे चौदा माणसं, दोनशे चौदा पाकिटं. कणाचा मालक सापडला की मंगळवारच्या अहवालात ‘स्रोत’ या शब्दापुढे त्याचं नाव लागे आणि त्याला महिनाभर दालनाचं दार बंद होई. नियम कणोबांनीच लिहिलेला, आणि त्याखालची ‘पद कोणतंही असो, सवलत नाही’ ही ओळही त्यांचीच.

सवलत खरोखरच नव्हती. संचालक केसांना कलप लावतात ही गोष्ट त्यांच्या बायकोशिवाय कोणाला ठाऊक नव्हती. एका मंगळवारी ती अहवालाच्या तिसऱ्या पानावर आली. आरशाच्या प्रमुख इंजिनिअर, म्हणजे ज्यांना सगळे आरसेबाई म्हणत, त्यांच्या पापणीचा एक केस सापडला आणि नऊ वर्षं घासूनपुसून घडवलेल्या स्वतःच्या आरशाला त्या बाई महिनाभर पारख्या झाल्या. एका फिटरने तर नुसत्या धास्तीने मिशा उतरवल्या. त्याचा केस सापडलाही नव्हता. कॅन्टीनमध्ये कणोबा ज्या टेबलाशी बसत ते टेबल हळूहळू रिकामं होई. लोक आपल्याला मान देतात, असा त्यांचा समज होता.

एवढं सगळं असून खुद्द आरसा मात्र कणोबांनी पाहिला नव्हता. धूळखोलीत जगभरच्या धुळीचे नमुने, तिथल्या माणसाने दालनात जाणं बरं नव्हे, असा एक नियम होता. तोही त्यांचाच. अकरा वर्षं ते त्या आरशाची धूळ मोजत होते आणि आरसा कसा दिसतो हे त्यांना फोटोवरून ठाऊक होतं. आता या महिन्याच्या तेवीस तारखेला आरशावर झाकण बसणार होतं, ते थेट अवकाशात जाऊनच उघडणार होतं. म्हणून कणोबांनी आयुष्यात पहिल्यांदा स्वतःसाठी अर्ज केला: झाकणाआधी दहा मिनिटं आत सोडावं. अर्ज मंजूर झाला. तारीख पडली बावीस. त्या मंजुरीचा कागद त्यांनी टेबलाच्या काचेखाली ठेवला आणि दिवसातून पाच-सहा वेळा वाचू लागले. बायको ड्रायव्हिंग स्कूलमध्ये गाडी शिकवायची. ती सांगायची की बावीस तारखेचं इतक्यांदा ऐकलंय, परवा मी शिकाऊ बाईला ‘तिसरा गिअर टाका’ म्हणायच्या जागी ‘बावीसचा टाका’ म्हणाले.

आणि एक तारखेच्या सोमवारी साक्षीकाचेवर तंतू सापडला.

हिरवा, लोकरीचा, अंगाने पिळदार आणि जवळजवळ तीन मिलिमीटर लांब. कणोबांच्या जगात हा तंतू नव्हे, दोरखंड होता. आरशाच्या दालनात लोकर! त्यांच्या अंगावर काटा आला, आणि खरं सांगायचं तर थोडा आनंदही झाला. इतका मोठा गुन्हेगार अकरा वर्षांत मिळाला नव्हता. त्यांनी बाह्या सरसावल्या आणि कपाट उघडलं. संध्याकाळपर्यंत दोनशे चौदा पाकिटं उघडून झाली. तंतू कोणाचाच नव्हता. कणोबांनी चष्मा पुसला, पुन्हा पहिल्या पाकिटापासून सुरुवात केली, आणि तरी कोणाचाच नव्हता. मग त्यातून निष्कर्ष एकच निघत होता आणि तो त्यांनी मंगळवारच्या बैठकीत ठणकावून सांगितला. दालनात कोणी तरी परका माणूस शिरला आहे.

सगळ्यांचं धाबं दणाणलं. दालनाला कुलूप लागलं. मोठमोठ्या इंजिनिअरांना रांगेत उभं करून त्यांचे मोजे तपासण्यात आले. आरसेबाईंचा चेहरा उतरला, कारण काचेवर एक तंतू म्हणजे आरशावर आणखी असणारच, आणि ते काढायचे तर कोरड्या बर्फाचा फवारा मारावा लागणार. सोन्याचा तो मुलामा केसाहूनही कितीतरी पातळ; फवाऱ्याने एखादा ओरखडा उठला तर तो जन्माचा. शिवाय धुण्यात सहा आठवडे जाणार, रॉकेटची पाळी दुसऱ्या कोणाला जाणार आणि पुढची मिळणार चौदा महिन्यांनी. फवारा गुरुवारी सुरू करायचा ठरला.

परका माणूस आत गेला म्हणजे कोणी तरी सोडला असणार. ते खापर फुटलं दारावरच्या काकांच्या डोक्यावर. काका दालनाच्या दाराशी असत. आत जाणाऱ्या प्रत्येकाला पांढरा डगला चढवायचा, टोपी, हातमोजे, मास्क नीट बसवायचा, चिकट रूळ फिरवून अंगावरचं उरलंसुरलं टिपायचं, हे त्यांचं काम. त्यांची हद्द दारापाशी संपायची. त्यांनीही आत कधी पाऊल ठेवलं नव्हतं. निवृत्तीला वर्ष राहिलेला हा माणूस सोमवारपासून मालाच्या फाटकावर ट्रक मोजायला जाणार, असा हुकूम निघाला. काकांनी वाद घातला नाही. माझ्या हातून लोकर आत गेलेली नाही, एवढंच ते दोनदा म्हणाले.

बुधवारी संध्याकाळी कणोबा घरी आले ते तणतणतच. बायको दोरीवरचे कपडे काढत होती आणि हे तिच्या मागे मागे फिरत तिसऱ्यांदा सगळी हकिकत सांगत होते. दोनशे चौदा पाकिटं. एकही जुळत नाही. आहे की नाही कमाल?

“तुमचं पाकीट आहे का हो त्या कपाटात?” तिने विचारलं.

“माझं कशाला? मी कुठे आत जातो?”

“तुम्ही नाही जात. पण काच तुमच्याकडे येते ना?” आणि तिने दोरीवरून एक वस्तू ओढून त्यांच्या पुढ्यात धरली. “मग हे काय आहे?”

तो कंबरपट्टा होता. हिरवा, लोकरीचा. सासूबाईंनी जावयाच्या कंबरदुखीसाठी दोन वर्षांमागे विणून पाठवला, तेव्हा जावयाने फोनवर त्यांना लोकरीच्या तंतूंविषयी अर्धा तास ऐकवलं होतं. तेव्हापासून सासूबाई त्यांच्याशी ‘तिला द्या फोन’ याखेरीज काही बोलत नसत. मात्र धूळखोली बारा महिने थंडगार. यंदा कणोबांची कंबर अशी काही धरली की बसलं की उठवेना. मग एक दिवस गुपचूप पट्टा निघाला. वर बनियन, वर शर्ट, वर डगला, एवढ्यातून काय बाहेर पडणार, असा हिशेब करून ते तीन महिने तो रोज बांधत होते. हे कोणाला ठाऊक नव्हतं. म्हणजे बायकोला होतं, पण तिला काय काय ठाऊक असतं याची कणोबांनी कधी मोजदाद ठेवली नव्हती.

कणोबांनी पट्टा हातात घेतला. ते जेवले नाहीत. सकाळी सगळ्यांआधी कारखान्यात पोहोचले, पट्ट्याचा एक धागा सूक्ष्मदर्शकाखाली घातला आणि त्याच्या शेजारी तो हिरवा तंतू. दोघे एका आईच्या पोटचे होते, त्यात शंकेला जागा नव्हती.

मग त्यांनी अकरा वर्षांत न केलेलं एक काम केलं. साक्षीकाच दालनातून उचलताना तिचा एक फोटो काढायची पद्धत होती. तो फोटो कधीच कोणी पाहत नसे. कणोबा असताना फोटो कशाला बघायचा? आणि कणोबांचा दुसऱ्याच्या डोळ्यांवर विश्वास नव्हता. आज त्यांनी तो उघडला, मोठा केला, कोपरान् कोपरा तपासला. काच लख्ख होती. तंतू दालनात पडलेलाच नव्हता. डबी उघडून ते वाकले, तेव्हा तो त्यांच्याच अंगावरून पडला होता.

म्हणजे आरसा स्वच्छ होता. आणि हे त्या घडीला जगात एका माणसाला ठाऊक होतं.

कणोबा खुर्चीत बसून राहिले. गप्प बसलं तर फवारा मारला जाईल, कदाचित काही बिघडणारही नाही, आणि ते मात्र आयुष्यभर कणोबा राहतील. ज्या लोकांना आपण पापणीच्या केसावरून दालनाबाहेर काढलं, त्यांच्यासमोर कंबरपट्टा घेऊन उभं राहायचं या कल्पनेनेच त्यांना घाम फुटला. आणि नियमाप्रमाणे महिनाभर दालनाचं दार बंद, म्हणजे बावीस तारीखही गेली. काचेखालचा कागद त्यांनी एकदा वाचला. मग उठले, पट्टा पारदर्शक पिशवीत घातला, पिशवीला चिकटपट्टी लावली, तिच्यावर तारीख घातली आणि फवाऱ्याची तयारी चालली होती तिकडे गेले.

“तंतू माझा आहे,” ते आरसेबाईंना म्हणाले. “माझ्या कंबरपट्ट्याचा. तो माझ्या खोलीत पडला. तुमच्या आरशाला काही झालेलं नाही.”

तिथे अकरा माणसं होती. कोणीही हसलं नाही, कारण कोणाला ते खरं वाटेना. आरसेबाईंनी फोटो पाहिला, पिशवी पाहिली, पुन्हा फोटो पाहिला. मग त्या मटकन स्टुलावर बसल्या आणि फवारा परत न्यायला सांगितला. हसू फुटलं ते दहा मिनिटांनी, आणि एकदा फुटल्यावर ते दुपारपर्यंत चाललं. संचालक तर कॅन्टीनमध्ये मुद्दाम कणोबांच्या टेबलावर येऊन बसले आणि कंबर आता कशी आहे, अशी फार आस्थेने चौकशी करू लागले.

काकांच्या बदलीचा हुकूम मागे घेतला गेला. अहवाल कणोबांनीच लिहिला. ‘स्रोत’ या शब्दापुढे स्वतःचं पूर्ण नाव. सायंकाळी आरसेबाई धूळखोलीत आल्या. दारात उभं राहून म्हणाल्या की संचालकांशी बोलले आहे, बावीस तारखेचं आपण सांभाळून घेऊ, एवढा काही गुन्हा नाही. पापणीवरून महिनाभर दालनाबाहेर राहिलेली बाई हे बोलत होती, आणि मनापासून बोलत होती. कणोबांना क्षणभर फार मोह झाला.

“सवलत नाही,” ते म्हणाले. मग काचेखालचा कागद काढून त्यांनी बाईंच्या हातात दिला. “नाव तेवढं बदला. दारावरच्या काकांना पाठवा.”

सासूबाईंना हे सगळं लेकीकडून कळलं. दुर्बिणीचं पुढे काय झालं हे त्यांनी विचारलंही नाही. जावई पट्टा रोज बांधतो एवढंच त्यांच्या कानी पडलं, आणि त्यांनी लगेच दुसरा विणायला घेतला.

बावीस तारखेला काका आत गेले. इतकी वर्षं दुसऱ्यांना डगला चढवणाऱ्या त्या माणसाला त्या दिवशी आरसेबाईंनी स्वतः डगला चढवला. कणोबा बाहेर, दाराच्या अलीकडे उभे होते. दहा मिनिटांत त्यांनी घड्याळ तीस वेळा पाहिलं असेल. काका बाहेर आले आणि त्यांनी मास्क काढला.

“कसा आहे, काका?”

“मी उलटा दिसलो, साहेब,” काका म्हणाले. “डोकं खाली, पाय वर. म्हटलं काही चुकलं का माझं. बाई म्हणाल्या, या आरशात लांबून असंच दिसतं. मग मी सलाम केला. त्यानेही केला, उलटं लटकून.”

कणोबांना हसू आलं. पण त्यांना विचारायचं होतं ते वेगळंच होतं.

“आणि धूळ?” शेवटी ते म्हणाले. “धूळ दिसली का कुठे?”

काकांनी त्यांच्याकडे जरा नवलाने पाहिलं.

“धूळ कुठून असणार?” ते म्हणाले. “तुम्ही होता ना.”

कणोबा तिथेच, येणाऱ्याजाणाऱ्यांच्या देखत रडले. काकांनी त्यांना हाताला धरून बाकावर बसवलं आणि प्यायला पाणी आणून दिलं.