व्याह्यांना कोण सांगणार

धाकट्या बहिणीच्या लग्नाच्या सकाळी मला तीन ठिकाणी एकदम असायला हवं होतं. कोठीघरात आचाऱ्याला गूळ तोडून द्यायचा होता. विहिरीवर रांजण भरणारे गडी मी नसले की बिड्या ओढत बसत. आणि पत्रावळींच्या ढिगावर शेळ्यांचा डोळा होता. मी विधवा. हळदीच्या ताटाला आणि बोहल्याला माझा हात चालत नव्हता, बाकी सगळ्याला चालत होता. वडील गेल्यापासून घरातल्या प्रत्येक कार्याची यादी माझ्याकडे असे आणि ती पुरी होईपर्यंत मला बसवत नसे.

गुळाची ढेप फोडत होते तेवढ्यात भाऊ आला. माझ्याहून लहान, नवरीहून मोठा. वडिलांच्या जागी कन्यादान तोच करणार होता. नवा फेटा बांधलेला, पण चेहरा उतरलेला.

"अक्का, वकील आलेत."

"मग आत आण. न्याहारी तयार आहे."

"येत न्हाईत. वेशीबाहेर मेंढवाड्यापाशी बसलेत. तूच चल. माझं ऐकत न्हाईत."

हे वकील आता वकील राहिले नव्हते. पूर्वी बीडच्या कचेरीत चालायचे, उर्दूत बोलत तेव्हा मुन्सफसुद्धा मान वर करून ऐके म्हणत. मग एक दिवस सनद परत केली, चांगलं घर सोडलं, आणि खादीच्या दोन धोतरांवर गावोगाव पायी फिरू लागले. निजामाच्या राज्यात सभेला परवानगी लागायची आणि ती मिळायची नाही. पलीकडे नगरच्या इंग्रजी मुलखात लोक चावडीसमोर भाषणं करत. आमच्याकडे दहा माणसं एका झाडाखाली बसली तरी अमीन, म्हणजे ठाण्याचा फौजदार, विचारायला येई. वकिलांची रीत अशी की कायदा मोडायचा तो सांगून. अमुक दिवशी अमुक ठिकाणी बोलणार आहे, असं तहसीलदाराला आधी लिहून कळवायचे आणि मग धरून न्यायला आलेल्या शिपायाला पाणी विचारायचे. दोनदा तुरुंगात जाऊन आले होते. आमच्या घरी एकदा मुक्कामाला होते, तेव्हा पहाटे उठून सगळी भांडी स्वतः घासली आणि सगळी चुकीच्या जागी लावली. मला त्यांचा धाक कधी वाटला नाही, त्रास मात्र व्हायचा.

भावाला त्यांच्या धीटपणाची ओढ होती. 'सांगून' हा भाग त्याला पटत नसे. म्हणून त्याने आपली युक्ती काढली होती. लग्नाला परवानगी लागत नाही. आजूबाजूच्या गावांतले शेतकरी पाहुणे म्हणून येतील, वकील लातूरकडचे नातेवाईक म्हणून येतील, गोरज मुहूर्तावर अक्षता पडल्या की जेवणाच्या पंगतीतच बोलणं होईल. मला हे ठाऊक होतं. मी लापशीचा रवा वाढवला होता. त्यापलीकडे मी विचार केला नव्हता.

अडचण होती व्याह्यांची. ते पालीकडच्या एका गावचे पोलीस पाटील. आमच्या बहिणीचं एक लग्न हळद लागून मोडलं होतं, भावाला पहिल्यांदा धरून नेलं तेव्हा. ते वऱ्हाड आमच्या दारातून परत गेलं. पुन्हा कुणी विचारायला येईना. हे पाटील आले ते सगळं माहीत असून आले. अट एकच घातली. मारुतीच्या देवळात भावाला म्हणाले, "लग्नाच्या दिशी मांडवात तुमचं ते गांधीटोपीचं काम नको. माझी पाटीलकी हाय. शब्द द्या." भावाने देवापुढे शब्द दिला होता.

हात पुसून मी वेशीबाहेर गेले. मेंढवाड्यापाशी धनगरीण कोकरांना सोडत होती. मला पाहून हसली.

"अक्का, ह्यो पाव्हणा तुमचा का? रुसल्या जावयावानी बसलाय बगा. दूध दिलं तर म्हनतो, आदी काम सांगा."

वकील दगडावर बसून टकळी फिरवत होते. मला पाहून उठले.

"ताई, या बाईंनी सांगितलं की वऱ्हाड पोलीस पाटलांचं आहे. मी येणार आहे हे त्यांना ठाऊक आहे का?"

"न्हाई."

"त्यांनी विचारलं होतं?"

मी भावाकडे पाहिलं. तो मेंढरांकडे पाहत होता. मग मीच देवळातल्या शब्दाचं सांगितलं. वकिलांनी टकळी खाली ठेवली.

"तुम्ही मला सांगितलं होतं, व्याही आपलेच आहेत," ते भावाला म्हणाले.

"सोयरिक झाली की आपलेच!" भाऊ उसळला. "आन् सरकार कुठं आपल्याशी खरं बोलतं? त्याला फसवलं तर काय बिघडलं?"

"सरकारला कुठं फसवलंत? फसवलंत ते घरी मुलगा घेऊन आलेल्या माणसाला. सभा घ्यायची तर उघड घेऊ, कळवून घेऊ. धरलं तर जाऊ. आपली पाटीलकी आपण पणाला लावावी. दुसऱ्याची लावायची तर त्याला विचारावं लागतं."

"मग जा तुमी. गुपचूप जा. मी म्हणतो पाव्हणे आलेच न्हाईत."

"मी जाईन. पण माझ्यासाठी बोलावलेली माणसं त्यांच्या मुलाच्या लग्नात बसली आहेत. उद्या अमिनाला कळलं तर पाटील काय उत्तर देतील? त्यांना हे सूर्य मावळायच्या आत कळलं पाहिजे. तुम्ही सांगत नसाल तर मी सांगून येतो."

आणि ते खरंच चपला घालू लागले.

मला त्या क्षणी दोघांचाही राग आला. एकाने न विचारता युक्ती केली होती, दुसरा माझ्या बहिणीच्या हळदीवर आपलं तत्त्व घेऊन उभा होता. आत ती पिवळ्या अंगाने बसली होती, तिला यातलं काही ठाऊक नव्हतं. दुसऱ्यांदा वऱ्हाड परत गेलं असतं तर तिने माझ्यासारखंच कोठीघर सांभाळत जन्म काढला असता. मी तो काढत होते, म्हणून मला त्याचं वजन माहीत होतं.

पण कुणी तरी जायला हवंच होतं. भाऊ गेला असता तर भांडला असता. वकील गेले असते तर पाटलांच्या दारात पोलिसांना हवा असलेला माणूस उभा राहिला असता. उरले मी.

"बसा इथं दोघं," मी म्हटलं. "मी येते सांगून."

"तू? जानोशात?" भाऊ म्हणाला. "अक्का, लग्नाच्या आदी तुझं त्वांड बघितलं तर बाया काय म्हणतील?"

"म्हणू दे. आज म्हणायला त्यांना बरंच मिळणार आहे."

वऱ्हाड चावडीशेजारच्या धर्मशाळेत उतरलं होतं. मी दारात दिसताच बायांचं बोलणं थांबलं. "अगं बाई, ही कशापायी आली सकाळच्या पारी?" एक म्हणाली, मला ऐकू जाईल इतक्या हळू. पाटील पायरीवर बसून दाढी करवून घेत होते. गालाला साबण, न्हाव्याचा वस्तरा वर.

"पाटील, एक सांगायचंय. चार माणसांत सांगण्यासारखं न्हाई."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग न्हाव्याला म्हणाले, "जा बे, बैलाला पानी पाज." अर्धा गाल तसाच राहिला.

मी ओळीने सांगितलं. काय ठरलं होतं, कोण आलंय, कुठं बसलंय, कुणाकुणाला बोलावलंय. रडले नाही, पाया पडले नाही. सांगताना माझेच शब्द मला फार सराईत वाटत होते, जणू पडलेली वाटी उचलावी तशी मी ही गोष्ट उचलून त्यांच्या पुढ्यात ठेवत होते.

"तुमाला कुणी धाडलं?"

"कुणी न्हाई. वकील स्वतः निघाले होते. मी थांबवलं."

"आन् भाऊ?"

"तो निघाला नव्हता."

पाटलांनी फेट्याच्या टोकाने साबण पुसला. मला उभं राहवेना.

"पाटील, लग्न मोडायचं असंल तर आत्ताच सांगा. लापशीचं आधण अजून ठेवलं न्हाई."

"बाई, तुमी लई येगळ्या हात," ते म्हणाले. हसले नाहीत. "पोरीचा काय गुन्हा? पोरगी मी नेणार. पन तुमच्या भावाच्या हातनं न्हाई. देवापुढं दिलेला शबूद ज्यानं मोडला, त्यानं माझ्या पोराच्या हातावर पानी सोडायचं न्हाई. चुलत्याला बशिवा. कान पिळायला बी दुसरा भाऊ बगा. त्यो मांडवात दिसला तर आमी गाड्या जुंपल्या म्हनून समजा."

"सांगते."

"आन् मी सरकारी मानूस हाय. ऐकल्यावर गप बसता येत न्हाई मला. सिरसाळ्याच्या ठाण्याला निरोप जानार. अक्षता पडल्या की मानूस निघंल, आदी न्हाई. त्येंना पळायचं असंल तर दिवस मोकळा हाय."

मी आल्या वाटेने परत गेले. वकिलांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. मी इथंच थांबतो." भाऊ मात्र ऐकेना.

"माझ्या बहिणीचं लगीन हाय, अक्का."

"तिच्या सासऱ्याला तू शब्द दिला होतास."

"तू जाऊन सांगितलंस."

"कुणी तरी सांगणारच होतं."

त्याने डोक्यावरचा फेटा काढला, माझ्या हातात दिला आणि वकिलांच्या शेजारी जमिनीवर बसला. त्यानंतर माझ्याशी तो फार दिवस बोलला नाही.

उरलेला दिवस मी धावत होते. चुलत्याला तयार करायचं होतं. तो आधी रागावला आणि मग कोरं धोतर मागू लागला. कन्यादानाला नवऱ्याशेजारी बसायचं म्हणून भावजयीने शालू नेसला होता. तिने तो सोडून घडी घातली आणि माझ्यापुढे आपटला. "तुमच्या वकिलाला नेसवा," म्हणाली. बोलावलेल्या शेतकऱ्यांना वकिलांचा निरोप द्यायचा होता: आज सभा नाही, लग्नासाठी थांबायचं असेल तर थांबा. काही उठले. एक म्हातारा पत्रावळ पुढे ओढून म्हणाला, "जेवाय बसल्याला उठिवता व्हय?" मी म्हटलं, "बसा. लापशीचा निजामाशी काही संबंध न्हाई."

गोरजाला अक्षता पडल्या. मी बोहल्याकडे गेले नाही. कोठीच्या दारातून मला अंतरपाटाची वरची कड तेवढी दिसत होती. तांदूळ उडाले, वाजंत्री वाजली, आणि लगेच वऱ्हाडातला एक गडी काठी घेऊन सिरसाळ्याच्या वाटेला लागलेला दिसला. पाटलांनी दोन्ही शब्द पाळले.

दुसऱ्या दिवशी उजाडताच पाठवणी झाली. गाडी वेशीबाहेर पडली, मेंढवाड्यापाशी आली. दोघं तिथंच होते. बहिणीने पदर सावरून सासऱ्याला काही विचारलं असावं, कारण पाटलांनी गाडी थांबवली आणि ती उतरली. रडत भावाच्या गळ्यात पडेल असं मला वाटलं होतं. ती दोन हात अंतरावर उभी राहिली.

"दादा, माझ्या सासऱ्याला तू खोटं बोललास. मला तिथं जन्म काढायचाय रं."

मान खाली घालून तो तिच्या पाया पडायला वाकला. धाकट्या बहिणीच्या भाऊ पाया पडत नाही. तिने घाईने त्याचे खांदे धरले आणि मग मात्र रडली.

पाटील गाडीवरून वकिलांना म्हणाले, "ठाण्याला निरोप धाडलाय मी, बरं का."

"बरं केलंत. मी इथंच आहे."

"ते दिसतंय," पाटील म्हणाले. मग भावाकडे वळले. "पंचमीला बहिनीला न्यायला कोन येनार?"

"सुटलो तर मी येईन."

"आन् न्हाई सुटलास तर?"

"तर आदी कळवीन."

पाटलांनी कासरा ओढला. गाड्या गेल्या, आणि धुरळा बसायच्या आत सिरसाळ्याकडून दुसरा धुरळा दिसू लागला. अमिनाचे शिपाई आले. वकिलांनी आणि भावाने विचारायच्या आधी आपली नावं सांगितली. मी धनगरणीकडून पाण्याचा तांब्या आणून शिपायांपुढे धरला, कारण वकिलांचे हात आता बांधलेले होते. घरी परतले तर सगळी उष्टी भांडी माझी वाट पाहत होती. मी ती घासायला घेतली आणि दुपारपर्यंत मान वर केली नाही.

पाटलांची पाटीलकी राहिली, पण त्यांना तहसीलला बोलावून चार वेळा जबाब घेतला. वकील लग्नाच्या गावी कसा आला, असं पुन्हा पुन्हा विचारलं. बहिणीला सासूने त्यावरून काय ऐकवलं, ते तिने मला कधी सांगितलं नाही. मी बरोबर केलं की नाही, हे मला अजून ठरवता येत नाही. न ठरलेल्या गोष्टी माझ्या यादीत फार नाहीत, ही एक आहे.

श्रावण आला, भाऊ सुटला नव्हता. पंचमीच्या दोन दिवस आधी मी गाडी जुंपून पालीकडे निघाले. रस्ताभर पाटलांना काय सांगायचं याची जुळवाजुळव करत होते. भाऊ आला नाही हे मीच सांगायला जात होते, पुन्हा एकदा. दारात उतरले तर बहीण गाठोडं बांधून ओट्यावर बसलेली. पाटील बाहेर आले, गड्याला बैल सोडायला सांगितले.

"त्यो येनार न्हाई, ठाऊक हाय मला," ते म्हणाले. "तुरुंगातनं सुटलेला एक मानूस त्येचा निरोप देऊन गेला गेल्या बाजारी. अक्का येईल, म्हनाला."

मला मात्र भावाने काही कळवलं नव्हतं.