बहिणीला लावलेला फोन

लंडनजवळ वॉटफर्डमध्ये आमच्या शेजारी एक अमेरिकन बाई राहतात. सत्तरी ओलांडली आहे, पण चहाला आल्या तरी बसत नाहीत. कप हातात घेऊन माझ्या किचनमध्ये येरझाऱ्या घालतात. वाक्य अर्ध्यावर आलं की विचारतात, "कळतंय ना तुला?" आणि उत्तराची वाट न बघता पुढे बोलतात.

परवा दुपारी आल्या त्या अस्वस्थच. अमेरिकेतल्या त्यांच्या मुलीला दिवस गेले होते. लग्न नाही, जोडीदार नाही. तिनं एकटीनंच मूल वाढवायचं ठरवलं होतं.

"अरे वा, अभिनंदन!" मी म्हणाले.

"सगळे तेच म्हणतायत. तिच्या ऑफिसात तर केक कापला." त्या खिडकीपर्यंत जाऊन परत आल्या. "माझी धाकटी बहीण लग्नाआधी गरोदर राहिली, तेव्हा वडिलांनी जेवणाच्या टेबलाजवळची तिची खुर्ची उचलून गॅरेजमध्ये नेऊन ठेवली. आई वाढत राहिली. मी मुकाट्यानं जेवले. कळतंय ना तुला?"

या वेळी त्या खरंच उत्तरासाठी थांबल्या.

"बहीण कुठे असते आता?" मी विचारलं.

"अमेरिकेतच, ओहायोत. तेव्हापासून आम्ही बोललो नाही."

मग त्यांनी कप ओट्यावर ठेवला आणि कधीचा जपून ठेवलेला बहिणीचा नंबर स्पीकरवर लावला.

"मी बोलतेय," त्या म्हणाल्या. "माझ्या मुलीला दिवस गेलेत, लग्नाशिवाय. तिचं अभिनंदन करायचंय. पण त्याआधी तुझं करायचं राहून गेलंय."

पलीकडून बहीण म्हणाली, "तो आता पन्नास वर्षांचा आहे गं."